बटणाला हात लावायचा नाही

काकूंनी बटणं पुसली. ओल्या फडक्यानं, एकेक करून, अगदी कडेकडेनं. मी त्यातलं एकच दाबलं होतं.

नववीत होते मी. नाशिकच्या गंगापूर रोडवरचा एक बंगला. पुढच्या खोलीत टीव्हीला जोडलेला छोटासा कॉम्प्युटर. आजची पोरं बघून हसतील त्याला. पाठ्यपुस्तकाएवढं काळं यंत्र, वर रबराची बटणं, आणि केलेलं काम साठवायचं तर टेपरेकॉर्डरच्या कॅसेटवर. सरांच्या भावानं परदेशातून आणलेला. सर एका कारखान्यात इंजिनियर होते आणि रविवारी सकाळी घरीच कॉलनीतल्या पोरांचा कॉम्प्युटरचा वर्ग घ्यायचे. पहिल्या दिवशी प्रत्येकानं आपलं नाव टीव्हीवर उमटवायचं होतं. पोरं नुकती चिवडा खाऊन उठली होती. तेलकट बोटांनी सगळ्यांनी आपापली नावं टाईप केली. मग मी पुढं झाले आणि नावाचं पहिलं अक्षर दाबलं. ते टीव्हीवर आलंसुद्धा.

तेवढ्यात सरांनी विचारलं, "आडनाव काय गं तुझं?"

मी सांगितलं. मागं सरांची बायको उभी होती. सगळी पोरं त्यांना काकू म्हणायची. आडनाव ऐकून त्या आत गेल्या आणि फडकं घेऊन आल्या.

"नाजूक असतं ते यंत्र," त्या म्हणाल्या. "तू हात लावू नकोस. तू बघ. बघूनही येतं."

आवाज गोड होता. शिवी दिली असती तर बरं झालं असतं. शिवीला उलट शिवी देता येते. आमच्या वस्तीत ते मी चालायच्या आधी शिकले होते. पण गोड बोलून कुणी हातातलं काढून घेतलं तर काय म्हणायचं, ते मला कुणी शिकवलं नव्हतं. मी मागं येऊन बसले. बसले म्हणजे दारापाशी, चटईवर. खुर्च्या बाकीच्यांना पुरल्या. एक रिकामी राहिली होती, तिच्यावर दप्तरं ठेवली होती.

मी त्या घरात पोचले कशी, तर अण्णांमुळं. अण्णा म्हणजे माझे वडील. पेंटर. आमचं घर नासर्डी नदीच्या कडेला, तिथून ते सायकलच्या हँडलला रंगाचे डबे लटकवून गावभर फिरायचे. दुकानांच्या पाट्या, ट्रकच्या मागची अक्षरं, भिंतीवरच्या जाहिराती. सरांच्या फाटकावरची ‘संगणक वर्ग’ ही पाटी त्यांनीच रंगवली. सर मजुरी द्यायला लागले तर अण्णा म्हणाले, मजुरी राहू द्या साहेब, पोरगी गणितात पहिली येती, तिला वर्गात बसू द्या. सर हो म्हणाले. बसू द्या म्हणाले होते अण्णा, आणि सरांनी बसू दिलं. शब्दाला जागला म्हणायचा माणूस.

घरी आल्यावर आई विचारायची, काय शिकवलं आज? मी सांगायचे, टीव्हीवर नावं आली. कुणाची आली ते सांगत नव्हते. चटईचं तर नावच काढलं नाही. अण्णांना कळलं असतं तर त्यांनी वर्ग सोडायला लावला असता, आणि मला तो सोडायचा नव्हता. कशाला खोटं बोलू, वेड लागलं होतं मला त्या यंत्राचं. आपण एक ओळ सांगायची आणि त्यानं ती मुकाट्यानं करायची. माझं कोण ऐकत होतं? घरात नाही, शाळेत नाही, नळावर तर अजिबात नाही. हे ऐकेल, असं वाटायचं. तेवढ्यासाठी मी दर रविवारी त्या चटईवर जाऊन बसले.

त्या यंत्रात एकेका बटणावर अख्खा हुकूम छापलेला असायचा. बटण दाबलं की शब्दच्या शब्द पडद्यावर. कुठला शब्द कुठल्या बटणावर, हे मी पोरांच्या खांद्यांमधून बघून बघून नजरेनं उचललं. सरावाला पाहिजेत असं घरी सांगितलं तर अण्णांनी प्लायच्या तुकड्यावर तशीच्या तशी बटणं रंगवून दिली. काळी जमीन, पांढरी अक्षरं. मी त्या प्लायवर बोटं आपटत बसायचे. धाकटा भाऊ चिडवायचा, ताई पेटी वाजवती पण सूर येत नाय. खरंच नव्हता येत.

एकदा सरांनी पाढा लिहिणारा प्रोग्रॅम करायला सांगितला. पोरांची गाडी अडली. मी कागदावर लिहून सरांकडं दिला. सरांनी तो मंदारला दिला. मंदार त्यांचा मुलगा, माझ्याच वयाचा, त्याची खुर्ची कायम कॉम्प्युटरसमोर. त्यानं टाईप केला, चालला. सर खूश. म्हणाले, डोकं चांगलं आहे हिचं, आता असंच करू, तू कागदावर लिहीत जा, मंदार टाईप करील. मीही खूश झाले, अगदी घरी येईपर्यंत हसत होते. आज सगळ्यात जास्त चीड त्या हसण्याची येते.

तेव्हापासून माझे कागद आणि मंदारची बोटं. पोरांना न्यायला त्यांचे आईबाप यायचे तेव्हा सर टीव्हीकडं बोट करून सांगायचे, बघा आमच्या मंदारनं काय केलंय. आयत्या बिळावर नागोबा कसा बसतो, ते मी दर आठवड्याला चटईवरून बघत होते. मंदार वाईट नव्हता तसा. त्यानं कधी मला नावं ठेवली नाहीत. त्यानं कधी माझं नाव घेतलंही नाही.

मग दसरा आला. दसऱ्याला पाटीवर एकाचे आकडे जोडून सरस्वती काढायची आणि तिची पूजा करायची, हे सगळ्यांना माहीत आहे. सरांच्या डोक्यात आलं, यंदा पाटीऐवजी टीव्हीवर काढू. कॉलनीतल्या लोकांना बोलवू. त्यांनी सगळ्यांना सांगितलं, पण बघितलं माझ्याकडं.

आमच्या घरात सरस्वती नव्हती. आजोबांनी धर्म बदलला तेव्हा देव्हाऱ्यातले टाक फडक्यात बांधून गोदावरीत सोडले, ते सोडलेच. मी अण्णांना विचारलं, काढू का? अण्णा म्हणाले, मी नाय का मंडळाचे गणपती रंगवत, काम हाय ते, काढ की. मग मी काढायला बसले.

मोठं चित्र भिंतीवर चढवायचं तर पेंटर आधी चौकटी आखतो. खडू चोळलेली दोरी ताणून धरायची, मधे उचलून सोडायची, फटकन रेघ उमटते. आडव्या, उभ्या. मग छोट्या कागदावरचं चित्र चौकट बघत बघत भिंतीवर न्यायचं. आणि चौकटी मोजायच्या वरून. कारण पेंटरचं काम वरून सुरू होतं. खालून रंगवत गेलं तर वरचे ओघळ झालेल्या कामावर येतात. अण्णांनी हे मला इतक्या वेळा सांगितलं होतं की झोपेतही मी वरूनच मोजलं असतं. टीव्हीचा पडदाही बारीक बारीक चौकटींचा असतो, हे सर एकदा बोलले होते. मला इतका आनंद झाला होता तेव्हा. म्हणजे हे तर अण्णांचंच काम, फक्त भिंत काचेची. जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर चौकटी आखल्या आणि वरून मोजत एकेक रेघ लिहून काढली. अण्णा शेजारी बसून चौकटी तपासत होते.

एक गोष्ट मात्र मला माहीत नव्हती. ते यंत्र अक्षरं लिहिताना वरून मोजायचं आणि रेघा मारताना खालून. सरांनी ते कधी सांगितलं नव्हतं. रेघेचा हुकूम कसा लिहायचा तेवढं सांगितलं, पुढचं पोरांना आपोआप कळलं. त्यांनी बटणं दाबून बघितली, रेघ कुठं पडते ते दिसलं, झालं. ज्यानं त्या यंत्रावर एक जरी रेघ स्वतः मारली होती, त्याला ते ठाऊक होतं. मी एकही मारली नव्हती.

मंदारनं दसऱ्याच्या सकाळी माझा कागद समोर ठेवून सगळं टाईप केलं. चालवून बघतो म्हणाला तर काकू नको म्हणाल्या. पहिल्यांदा चालवायचं ते पूजा झाल्यावर, मुहूर्तावर. कॅसेटवर साठवायचंही राहून गेलं, कारण टेपरेकॉर्डरवर सनई लावली होती.

खोली माणसांनी भरली. पाटावर कॉम्प्युटर, त्याला झेंडूचा हार. काकूंनी बोट बुडवून बटणांच्या कडेला ओलं हळदीकुंकू लावलं. नाजूक यंत्राला ते चाललं. मी माझ्या जागेवर, दारात. बाहेर व्हरांड्यात अण्णा. ते ‘शुभ दसरा’ची पाटी फाटकाला बांधायला आले होते, सर म्हणाले थांबा, प्रसाद घेऊन जा. सरांनी पाहुण्यांना सांगितलं, आमच्या मंदारनं स्वतः केलंय हे, कुणाची मदत नाही. बायका कौतुकानं मंदारकडं बघत होत्या. मला फक्त ती सरस्वती पडद्यावर बघायची होती.

मंदारनं बटण दाबलं. ते यंत्र हळू होतं, एकेक रेघ सावकाश यायची. पहिली रेघ आली ती पडद्याच्या तळाशी. मला वाटलं टीव्ही बिघडला. दुसरी तिच्या वर. तिसरी. मग मला कळलं, यंत्र खालून मोजतंय. थांबवता येत नव्हतं. मी दारात उभी आणि ती तिकडं रेघेरेघेनं पुरी होत गेली. शेंडा खाली, पाय वर.

एक आजोबा म्हणाले, अहो, ही तर उलटी आहे.

सनई चालूच होती. सर मंदारकडं बघायला लागले. मंदारनं माझ्याकडं बोट केलं.

"मी नाही. तिनं लिहिलंय."

इतके महिने. इतके कागद. त्या दिवशी पहिल्यांदा त्या घरात माझं काम माझं झालं. सगळी खोली वळून माझ्याकडं बघत होती. काकू पुढं आल्या. आता आवाज गोड नव्हता.

"तुमच्यात देव मानत नाहीत. म्हणून मुद्दाम केलंस ना, सणाच्या दिवशी?"

मी म्हटलं, नाही, मोजताना चुकलं. पुढचं कुणी ऐकून घेतलं नाही. सरांनी माझा कागद उचलला. कागदाकडं बघितलं, पडद्याकडं बघितलं, परत कागदाकडं. त्यांना कळलं. मी त्यांचा चेहरा बघत होते, त्यांना नेमकं कळलं कुठं काय झालंय ते. इंजिनियर माणूस, दोन शब्दांत सगळ्यांना सांगू शकला असता. की पोरीनं मुद्दाम नाही केलं, तिला माहीतच नव्हतं, आणि माहीत का नव्हतं तेही. बोलले काय?

"आधी काकूंच्या पाया पडून माफी माग. मग कागदावर दुरुस्त करून दे. मंदार टाईप करील."

मागून अण्णांचा आवाज आला. ते व्हरांड्यातून उंबऱ्यापर्यंत आले होते. हात जोडलेले, नखांत लाल रंग.

"लेकरू हाय साहेब, चुकलं. माग पोरी, माफी माग."

ते जोडलेले हात मला बघवेनात. मी कधी कुणापुढं ते असे बघितले नव्हते. शिडीवर चढलेले अण्णा मला माहीत होते, दुकानदाराला खाली उभा ठेवून वरून बोलणारे. आणि माझ्या डोक्यात एकदम लख्ख झालं. सरळ आली असती तर मंदारची. उलटी आली म्हणून माझी. आणि आता मी ती सरळ करून दिली की परत मंदारची. असंच चालणार. मी जन्मभर कागदावर लिहिणार, दुसरा कुणी बटण दाबणार, आणि माझ्या वाट्याला तेवढी चूक येणार.

मी उंबरा ओलांडला. चटई ओलांडली. पाहुणे वाट द्यायला बाजूला झाले की माझा स्पर्श नको म्हणून सरकले, देव जाणे. काकू म्हणाल्या, हात नको लावू.

"माझी आहे म्हणालात ना? मग मी पुसते."

सगळं पुसायचा हुकूम एका बटणावर होता. प्लायवर तो मी हजारदा दाबला असेल. इथं एकदा दाबला, मग पलीकडचं होकाराचं बटण. पडदा काळा झाला, मग पांढरा. काही उरलं नाही. सकाळपासूनचं मंदारचं टाईप करणं गेलं, माझ्या सगळ्या रेघा गेल्या. रबराचं बटण हाताला कसं लागतं ते मला त्या दिवशी समजलं. मऊ असतं. बोटाला हळद लागली होती.

सरांच्या हातातला माझा कागद मी काढून घेतला आणि बाहेर आले. मागं कोण काय बोललं ते ऐकायला थांबले नाही. भीती वाटत होती, खूप वाटत होती, पण रडू आलं नाही.

अण्णा सायकल हातात धरून पुढं, मी मागं. रस्त्यानं लोक एकमेकांना आपट्याची पानं देत होते. मला वाटलं घरी गेल्यावर मारतील. मग ते चालता चालता म्हणाले, उलटी कशानं आली गं? कारागीर माणूस, त्यांना तेच खात होतं. मी म्हटलं, आपण वरून मोजलं, ते यंत्र खालून मोजतं.

ते थांबले. सायकलवरचे डबे हलायचे थांबेपर्यंत तसेच उभे होते.

"म्हणजे मी शिकवलं तेच चुकलं. चूक माझी हाय मग. उद्या जाऊन सांगतो साहेबाला, पोरीची नाय, माझी चूक हाय."

माझ्या अंगाची लाही लाही झाली. सरांचा आला नव्हता, काकूंचा आला नव्हता, एवढा राग मला माझ्या बापाचा आला. चूक दिसली की उचलून अंगाला लावायची. कुणी मागायच्या आधी. आमच्या माणसांना ही सवय कुणी लावली? तीस वर्षं शिडीवर उभा राहिलेला माणूस, ज्याची एक रेघ कधी वाकडी गेली नाही, तो कुणाच्या तरी टीव्हीसाठी स्वतःचा हात चुकला म्हणायला निघाला होता. मी रस्त्यातच ओरडले त्यांच्यावर. माणसं बघत होती, बघू दे म्हटलं. म्हटलं, तुम्ही जायचं नाही. चूक तुमची नाही, माझीपण नाही. मला एक रेघ मारू दिली असती तर पहिल्याच रेघेला कळलं असतं. त्यांनी मारू दिली नाही. आणि मग सगळं सांगितलं. चटई. पुसलेली बटणं. माझे कागद आणि मंदारचं नाव. तोंडातून धाड धाड पडत गेलं.

अण्णांनी सगळं ऐकलं. सायकल भिंतीला लावली आणि फुटपाथच्या कडेला बसले. त्यांचा चेहरा मला अजून आठवतो. आपण आपल्या हातानं पाटी रंगवून पोरीला कुठं नेऊन बसवलं, ते त्यांना तेव्हा कळत होतं.

"आधी का नाय सांगितलंस?"

"तुम्ही वर्ग बंद केला असता."

"केलाच असता," ते म्हणाले. उठले, सायकल घेतली. दुसऱ्या दिवशी ते माफी मागायला गेले नाहीत. त्यानंतरही कधी नाही.

त्याची किंमत घरानं मोजली. गंगापूर रोडच्या त्या भागातून अण्णांना पाट्यांची कामं येईनाशी झाली. कुणी तोंडावर नाही म्हणालं नाही, नुसतं बोलावणं थांबलं. आई मला लय बोलली. म्हणाली, माफी मागितली असतीस तर तोंड झिजलं असतं का तुझं? चूल तिला पेटवायची होती, तिचं म्हणणं मला कळत होतं. पण मी तिलाही नाही म्हणाले. आईनं बरेच दिवस माझ्याशी सरळ बोलणं टाकलं. शेवट गोड झाला असं सांगता आलं असतं तर सांगितलं असतं. नाही झाला. बटणावर हात ठेवायला मला पुढं कितीतरी वर्षं लागली, तेही वस्तीतल्या मंडळानं जुना कॉम्प्युटर आणला तेव्हा. तोवर त्या रबरी बटणांच्या यंत्राला कुणी विचारत नव्हतं. कॉलनीतली पोरं कुठल्या कुठं पोचली होती आणि मी नव्यानं अ आ इ गिरवत होते. ती वर्षं मला कुणी परत दिली नाहीत, आणि मी ती माफही केलेली नाहीत.

दोन हजार सालानंतर मी एका शाळेत कॉम्प्युटर शिकवायला लागले. खोली छान, यंत्रं नवी. पहिल्याच आठवड्यात मुख्याध्यापिका आल्या. शाळेत घोटी, पेठकडच्या पाड्यांवरची, आमच्या वस्तीतली पोरं होती. बाई मला बाजूला घेऊन म्हणाल्या, या मुलांना सवय नसते हो, महाग वस्तू आहे, हात नको लावू द्या, तुम्ही करून दाखवा आणि त्यांना बघू द्या.

आवाज गोड होता. मी त्यांना म्हटलं, असं होणार नाही. त्या म्हणाल्या, बिघडलं तर जबाबदारी तुमची. मी म्हटलं, बिघडू दे. त्यांनी ते लेखी मागितलं, मी लिहून दिलं. त्यावरून मला दोनदा ऑफिसात उभं केलं, नोकरी जायची वेळ आली, अजूनही कधी जाईल सांगता येत नाही.

जाऊ दे. माझ्या वर्गात चटई नाही. पोर आलं की आधी बटणावर हात, मग नाव विचारणं, आडनाव तर मी विचारतच नाही. पोरं चुकतात, यंत्र बंद पाडतात, काल एकानं अख्खं काम पुसून टाकलं आणि रडायला लागला. मी त्याला म्हटलं, रडू नको, परत लिही. चूक ज्याच्या नावावर लागणार, हात त्याचाच लागला पाहिजे. यात मी कुणाचं ऐकणार नाही, आणि माफी तर कुणाची मागणारच नाही.